रेघेवरचा एक

"काका, हे लाल-लाल काय करायचं?" छापखान्यात अक्षरजुळणी करणाऱ्या ताईने कॉम्प्युटरमागून मान काढून विचारलं.

"लाल म्हणजे काढायचं," भिंगकाका वरही न बघता म्हणाले. "सतरा वर्षं झाली तुला इथे. लाल रेघ म्हणजे काय, ते अजून माझ्याकडून ऐकायचंय?"

"तसं नाही हो. पण हे लाल लिहिणारीनेच मारलंय. अख्खी वही भरून."

तेव्हा कुठे भिंगकाकांनी मान वर केली. छापखान्यात लाल पेन एकट्या त्यांच्याकडे असायचं. मालकसुद्धा सही निळ्याने करायचे. काकांना त्यांचं खरं नाव सोडून सगळे भिंगकाकाच म्हणत, कारण मुठीएवढं एक भिंग गेली एकतीस वर्षं त्यांच्या उजव्या हाताचाच भाग झालं होतं. मुद्रितं तपासणं हे त्यांचं काम. छापायला जाण्याआधी प्रत्येक पान त्यांच्या नजरेखालून जायचं, आणि त्यांच्या नजरेखालून अनुस्वारसुद्धा निसटायचा नाही.

वही होती शाळेतल्या गणिताच्या बाईंची. 'घातांकाचे नियम आणि बैजिक अपूर्णांक : सोडवलेली शंभर उदाहरणे.' बाई जुन्या वळणाच्या होत्या, एक्स न लिहिता क्ष लिहायच्या. अक्षर टपोरं, मांडणी ऐसपैस. क्षचा पाचवा घात भागिले क्षचा दुसरा घात असं उदाहरण असलं, तर त्या मुलांना समजावं म्हणून रेघेवर पाच क्ष एकापुढे एक मांडायच्या, रेघेखाली दोन. मग लाल पेन घेऊन वरचे दोन आणि खालचे दोन काटायच्या. उरलेले तीन क्ष, म्हणजे क्षचा तिसरा घात. झालं उत्तर.

भिंगकाकांना यातलं ओ की ठो कळत नव्हतं. गणिताशी त्यांचं शाळेतच फाटलं होतं. पण त्याची त्यांना लाज नव्हती, उलट अभिमानच होता. "मजकूर समजायला लागला की माणूस वाचत सुटतो, आणि वाचत सुटला की चूक दिसत नाही," असं त्यांचं शास्त्र होतं. आजवर त्यांनी वैद्यकाची पुस्तकं तपासली, कायद्याची तपासली, कविता तर ढिगाने तपासल्या, आणि एकाही पुस्तकाचा अर्थ स्वतःला लागू दिला नाही.

वही चाळताना त्यांचा चेहरा उजळला. "याला म्हणतात शिस्त! स्वतः लिहायचं आणि स्वतःच इतकं निर्दयपणे काटायचं. लेखक कसा असावा तर असा. जे लाल आहे ते उडव, ताई. डोळे मिटून."

ताईने उडवलं.

पहिली बावीस उदाहरणं सुरळीत पार पडली. फक्त एक अडचण आली. खालचे क्ष उडाले की रेघेखाली काहीच उरायचं नाही आणि रेघ आपली उघडी पडायची. काकांना उघडी रेघ बघवेना. "खाली काही नाही, तर रेघ कशाला? काढ," ते म्हणाले. रेघ गेली, तीन क्ष उरले, पुढे क्षचा तिसरा घात. सगळं कसं जुळलं. नियम चुकीचा असता तर बावीस वेळा कसा जुळला असता, असं कुणालाही वाटलं असतं.

तेविसाव्या उदाहरणात घोडं पेंड खाऊ लागलं. इथे बाईंनी दोन क्ष वर ठेवले होते आणि पाच खाली. लाल काटाकाटी झाल्यावर वर काहीच राहिलं नाही, खाली तीन क्ष राहिले. एक बाजू रिकामी, म्हणून नियमाप्रमाणे रेघ गेली. पण पुढच्या ओळीत, उत्तरात, रेघ होती, रेघेखाली क्षचा तिसरा घात होता आणि रेघेवर एक हा आकडा ऐटीत बसला होता.

"हा एक कुठून आला?" काकांनी भिंग जवळ नेलं. "आधीच्या ओळीत नाही. उपरा दिसतोय."

"काढू?"

"छे! लेखकाला विचारल्याशिवाय अक्षराला हात लावायचा नाही."

काका शब्दाचे पक्के. त्यांनी छापखान्याच्या रिवाजाप्रमाणे चिठ्ठी लिहिली. वर ठळक अक्षरात 'शंका', खाली 'उदाहरण २३. उत्तरात रेघेवर एक आहे, आधीच्या ओळीत नाही. हा एक लिहायचा का?' ताईच्या घरची वाट शाळेवरून होती. तिने चिठ्ठी शाळेच्या शिपायाच्या हातात दिली.

शिपायाने 'शंका' हा शब्द वाचला आणि चिठ्ठी जिथे टाकायची तिथे टाकली. बाईंनी शिक्षकांच्या खोलीबाहेर मुलांसाठी एक शंकापेटी ठेवली होती. परीक्षा दहा दिवसांवर आलेली, पेटी रोज ओसंडत होती. बाईंनी मधल्या सुटीत एका दमात चाळीस शंकांची उत्तरं लिहिली आणि सूचनाफलकावर टाचली. काकांच्या चिठ्ठीवर त्यांनी लिहिलं होतं : 'एक नेहमीच असतो. प्रत्येक ठिकाणी लिहीत नाहीत, समजून घ्यायचा असतो.' आणि खाली, मुलगा किंवा मुलगी जे कोण असेल त्याला उद्देशून, 'अक्षर सुधार.'

दुसऱ्या दिवशी ताईने फलकावरून चिठ्ठी काढून आणली. अक्षराबद्दलचा शेरा काकांना जरा लागला. तरी पहिलं वाक्य त्यांनी तीनदा वाचलं आणि त्यांना ते पटलं. आपल्या आयुष्यातही अशा बऱ्याच गोष्टी असतात, असं त्यांच्या मनात येऊन गेलं.

"ताई, एक लिहीत नाहीत."

"सगळीकडचे काढायचे?"

"सुसंगती ठेवायची. एका ठिकाणी काढला आणि दुसऱ्या ठिकाणी ठेवला, तर वाचणाऱ्याने काय समजायचं?"

रेघेवर बसलेले असे एकोणतीस एक निघाले. ते गेल्यावर त्यांच्या खालच्या रेघाही उघड्या पडल्या, म्हणून त्याही गेल्या. आणखी बारा ठिकाणी तर वरचं आणि खालचं सगळंच कटलं होतं आणि बरोबरच्या चिन्हापुढे नुसता एक उरला होता. तो गेला. मग बरोबरची चिन्हं लोंबकळत राहिली, तीही काकांनी काढून टाकली. पानं आता अशी स्वच्छ दिसू लागली की काकांनी मालकांना मुद्दाम बोलावून दाखवली.

शेवटचं मुद्रित बाईंकडे सहीला गेलं. बाई तेव्हा प्रश्नपत्रिका काढत होत्या. "भिंगकाकांनी पाहिलंय ना?" त्यांनी विचारलं. "मग मी बघून काय वेगळं बघणार?" आणि पहिल्या पानावर सही करून त्यांनी गठ्ठा तसाच परत पाठवला.

सोमवारी सकाळी पुस्तिका मुलांच्या हातात पडली. परीक्षा शुक्रवारी. सोमवारी दुपारी बाई छापखान्यात हजर झाल्या.

"काका," त्या दारातूनच म्हणाल्या, "माझ्या एकाचं काय केलंत?"

काकांनी त्यांना खुर्ची दिली. बाई बसल्या नाहीत.

"हे पाचवं उदाहरण बघा. वर पाच क्ष, खाली दोन. उत्तर क्षचा तिसरा घात. बरोबर. आता हे तेविसावं. वर दोन, खाली पाच. उत्तर काय छापलंय? क्षचा तिसरा घात! अहो, वरचं खाली केलं तरी उत्तर तेच?"

"सुसंगती राखली," काका म्हणाले, पण आवाज जरा बसला होता.

"आणि हे चाळिसावं. याचं उत्तर कुठे आहे?"

"त्याच्या बरोबरच्या चिन्हापुढे काही नव्हतं, बाई. मग ते चिन्ह तसं लटकत ठेवणं दिसायला..."

"तिथे एक होता! सगळं कटलं की शून्य उरत नाही, एक उरतो. बावीस वर्षं घसा कोरडा करून मी हेच सांगतेय. आज वर्गात एका मुलीने उभं राहून सांगितलं, 'बाई, पुस्तकात तर काहीच उरत नाही.'"

काकांनी शांतपणे खण उघडला, चिठ्ठी काढली आणि पुढे ठेवली. ते एकही चिठ्ठी फेकत नसत. बाईंनी स्वतःचं अक्षर वाचलं, चिठ्ठी उलटून पाहिली, पुन्हा वाचलं आणि मग त्या खुर्चीवर बसल्या.

"मला वाटलं, कुणा मुलाने विचारलंय," त्या म्हणाल्या.

"आणि लाल रेघा?" ताईने हळूच विचारलं.

"त्या काढायच्या नव्हत्या हो. काटलेलं दाखवायचं होतं."

"काटलेलं दाखवायचं?" काकांच्या हातातलं भिंग खाली आलं. काटायचं आणि तरी ठेवायचं, ही गोष्ट एकतीस वर्षांत त्यांच्या कानावर आली नव्हती.

मालक धावत आले. त्यांनी डोक्याला हात लावला आणि आपल्याला सुचलं ते बोलून गेले. "एवढंच ना? एक शुद्धिपत्र छापू, मुलांना वाटू, विषय संपला."

ताईने भिंतीकडे पाहिलं. मालकांनीही जीभ चावली.

काकांच्या टेबलामागच्या भिंतीवर एक पुठ्ठा टांगलेला होता. त्यावर काकांच्याच अक्षरात लिहिलं होतं : 'या छापखान्यातून ज्या दिवशी शुद्धिपत्र निघेल, त्या दिवशी मी काम सोडीन.' शुद्धिपत्र म्हणजे छापून झाल्यावर सापडलेल्या चुकांची कबुली देणारा तो चिटोरा. एकतीस वर्षांत असा एकही चिटोरा निघाला नव्हता. गावभरचे लेखक येऊन तो पुठ्ठा वाचायचे आणि निर्धास्त होऊन जायचे.

काकांनी खुर्चीवरची उशी उचलली, झटकली आणि पिशवीत भरली. मागोमाग भिंग, चार लाल पेनं आणि डबा.

"काका, अहो काका, मी आपलं बोलून गेलो," मालक गयावया करू लागले.

"तुम्ही बरोबर बोललात. एक्केचाळीस चुका आहेत, शुद्धिपत्र निघालंच पाहिजे. ते तपासायला मी येईन. मात्र ते माझं शेवटचं काम."

घरी काकूंनी ही बातमी उभ्याउभ्याच ऐकली. काका अपमानाने खचलेत, हे त्यांना दिसत होतं आणि त्यांना वाईटही वाटत होतं. पण त्याहून मोठी भीती त्यांना वेगळ्याच गोष्टीची वाटली.

"म्हणजे आता तुम्ही दिवसभर घरी?"

"दुसरं कुठे जाणार?"

काकूंनी फडताळाकडे पाहिलं. मागच्या खेपेला काका आठवडाभर तापाने घरी होते, तेव्हा त्यांनी सगळ्या बरण्यांवरच्या चिठ्ठ्या लाल पेनने तपासल्या होत्या. काकूंनी बहिणीला लिहिलेलं पत्र सहा दुरुस्त्यांसह परत आलं होतं. 'साखर संपली' असं त्यांनी पाटीवर लिहिलं, तर समोर 'केव्हा?' अशी शंका काढलेली.

"ते काही नाही," काकू म्हणाल्या. "तुम्ही घरी बसणार असाल तर मी छापखान्यात जाऊन बसते. मला जमेल तसं तपासीन."

"अगं, शब्द दिलाय मी. भिंतीवर लिहून दिलाय."

"कुणी सांगितलं होतं भिंतीवर लिहायला? माणसं मनातल्या मनात शब्द देतात."

काका त्या दिवशी नीट जेवले नाहीत.

मंगळवारी ते शुद्धिपत्र तपासायला बसले आणि त्यांना प्रथमच कळलं की अर्थ लागल्याशिवाय हे काम होणार नाही. काय छापायला हवं होतं, तेच ठाऊक नसेल तर चूक ओळखणार कशी? त्यांनी बाईंना निरोप धाडला. या वेळी चिठ्ठी न पाठवता ताईला समोर उभं करून सांगायला लावलं. शाळा सुटल्यावर बाई आल्या आणि काकांच्या टेबलापाशी बसून त्यांनी अगदी पहिल्यापासून शिकवायला घेतलं.

"वर एक क्ष, खाली एक क्ष. दोघे सारखे. एकमेकांना काटतात. पण जागा रिकामी पडत नाही, तिथे एक बसतो. कळलं?"

"म्हणजे जाणारा आपल्या जागी कुणाला तरी बसवून जातो."

"तसंच समजा. आणि एक पथ्य पाळायचं. मध्ये अधिकचं चिन्ह असेल, तर काटाकाटी करायची नाही. गुणाकार असेल तरच काटायचं. मुलं नेमकी तिथेच माती खातात."

"अधिक असेल तर हात लावायचा नाही," काकांनी पुटपुटत लिहून घेतलं.

दोन दिवस ते विद्यार्थ्यासारखे बसून होते. ऐंशीव्या उदाहरणापुढे बाईंनी क्ष एकेक मांडणं सोडून दिलं होतं आणि वरच्या घातांकातून खालचा घातांक थेट वजा केला होता. काकांना असला आखूड रस्ता पसंत नव्हता. त्यांनी प्रत्येक उदाहरणाचे क्ष कागदावर मांडले, मोजून काटले, उरलेले पुन्हा मोजले. बाईंच्या बरोबर असलेल्या उदाहरणांचेही मांडले, कारण तपासायचं म्हटलं की सगळं तपासायचं, ही त्यांची सवय.

बुधवारी दुपारी ते अठ्ठ्याऐंशीव्या उदाहरणावर थांबले. भिंग लावलं. पुन्हा मोजलं. ताईकडून मोजून घेतलं. मग बाई येताच त्यांनी, चिठ्ठी न लिहिता, तोंडानेच विचारलं.

"बाई, एक शंका. अठ्ठ्याऐंशी. वर क्ष नऊ, खाली तीन. तीन काटले तर वर सहा उरतात. तुमच्या वहीत उत्तर क्षचा तिसरा घात आहे. तीन का?"

"सहाच. नवातून तीन..." बाई थांबल्या. वही ओढून घेतली. टपोऱ्या अक्षरात तीनच होता. नवातून तीन वजा करायच्या ऐवजी त्यांनी नवाला तीनने भागलं होतं. घातांक वजा करायचे, भागायचे नाहीत, हे फळ्याच्या वरच्या कोपऱ्यात त्यांनी रंगीत खडूने कायमचं लिहून ठेवलं होतं, आणि ही चूक करणाऱ्या मुलांना त्या ते दहादा लिहायला लावायच्या.

बाईंनी वही मिटून बाजूला ठेवली. मालक आणि ताई आपापलं काम करत असल्याचं दाखवू लागले.

"हे छापा," बाई म्हणाल्या. "शुद्धिपत्रात शेवटी, माझ्या नावानिशी."

"बेचाळिसावी," काका हळूच म्हणाले. त्यांना मुळीच आनंद झाला नव्हता.

"मग काका, तुमच्या चुका आणि माझी चूक एकाच कागदावर आल्या की. तुमच्या चुकांना माझी चिठ्ठी कारण झाली, माझी सही कारण झाली. काटाकाट करू आणि मोकळे होऊ. कशाला काम सोडताय?"

काकांनी विचार केला. मोह पडण्यासारखीच गोष्ट होती. मग त्यांनी मान हलवली. "नाही बाई. माझ्या एक्केचाळीस अधिक तुमची एक. मध्ये अधिक आहे. काटता येत नाही, तुम्हीच सांगितलंत."

बावीस वर्षांत इतकं पक्कं ध्यानात ठेवणारा विद्यार्थी बाईंना भेटला नव्हता.

"ठीक आहे," त्या उठल्या. त्यांनी टेबलावरचा एक कोरा कागद ओढला. "चूक झाली की काम सोडायचं, हाच नियम असेल तर तो सगळ्यांना सारखा. मीही शाळा सोडते."

"एका आकड्यासाठी?" काका ताडकन उभे राहिले. "वेड लागलंय का तुम्हाला? दोन दिवसांवर परीक्षा, पोरं तुमच्या तोंडाकडे बघतायत, आणि तुम्ही निघालात? माणूस म्हटलं की एखादी चूक..."

ते मध्येच थांबले. मालक त्यांच्याकडे बघत होते. ताई बघत होती. भिंतीवरचा पुठ्ठा मागे होता म्हणून, नाहीतर त्यांनाही तो दिसला असता.

बाईंनी कागदावर लिहिलं : 'भिंगकाकांचा राजीनामा.' त्याखाली पट्टी धरून एक रेघ मारली. रेघेखाली लिहिलं : 'गणिताच्या बाईंचा राजीनामा.' आणि कागद काकांपुढे सरकवला.

"आता कुठे अधिक दिसतंय का? तपासा."

काकांनी पिशवीतून भिंग काढलं. रेघेवरचं वाचलं, रेघेखालचं वाचलं. वरचा 'राजीनामा' हा शब्द आणि खालचा 'राजीनामा' हा शब्द अक्षराअक्षराला ताडून पाहिला. मध्ये अधिक नव्हतं, काही निसटलेलं नव्हतं, दोन्ही अगदी सारखे होते. पुष्कळ वेळ गेला.

"काटता येतं," काका म्हणाले. त्यांनी लाल पेनाचं टोपण काढलं आणि वरचा एक आणि खालचा एक असे दोन्ही राजीनामे काटले.

"सुटलो!" मालकांनी टाळी वाजवली. "म्हणजे आता एकही राजीनामा नाही!"

"नाही हो मालक," ताई म्हणाली. दोन दिवस कान देऊन ऐकलं होतं तिने. "सगळं कटलं की शून्य नाही उरत. एक उरतो."

"एक?" मालकांची टाळी हवेतच राहिली. "कुणाचा?"

काकांनी पिशवीतून उशी काढली, खुर्चीवर ठेवली आणि दोन्ही बाजूंनी सारखी केली.

"एक नेहमीच असतो, मालक," ते म्हणाले. "तो लिहीत नाहीत. समजून घ्यायचा असतो." आणि शुद्धिपत्राचं मुद्रित पुढे ओढून ते खाली बसले.